नौपाड्यातलं एक घर आणि दोन लाखांचं जादा मुद्रांक शुल्क: पुनर्विकासातल्या एका प्रकरणाचा अभ्यास

हे प्रकरण ठाण्यातल्या एका सोसायटीचं आहे. सोसायटी, कुटुंब, विकासक आणि कार्यालय ओळखू येऊ नयेत म्हणून नावं गाळली आहेत आणि आकडे हिशेबाला सोपे जातील असे पूर्णांकात घेतले आहेत. सोसायटीच्या कागदपत्रांचं काम माझ्याकडे होतं, त्यामुळे बहुतेक टप्प्यांवर मी हजर होते.

पार्श्वभूमी

नौपाड्यातली ही चार मजली इमारत सत्तरच्या दशकात बांधलेली. चोवीस घरं, लिफ्ट नाही. स्लॅबचे पोपडे दर पावसाळ्यात पडायचे. जमिनीचं अभिहस्तांतरण (कन्व्हेयन्स, म्हणजे मालकीचं हस्तांतर) सोसायटीच्या नावावर आधीच झालेलं होतं, आणि ठाण्यातल्या जुन्या सोसायट्यांचे हाल पाहता ही फार मोठी जमेची बाजू म्हणायची. स्ट्रक्चरल ऑडिटनंतर इमारत ‘सी-२ ए’ वर्गात गेली, म्हणजे रिकामी करून मोठी दुरुस्ती करावी अशी. सभासदांनी दुरुस्तीऐवजी पुनर्विकास निवडला. सहकारी संस्था अधिनियमाच्या कलम ७९ (अ) खालच्या ४ जुलै २०१९ च्या शासन निर्णयात सांगितल्याप्रमाणे सर्वसाधारण सभा, निविदा, सहकार खात्याच्या प्रतिनिधीसमोर मतदान असे सगळे सोपस्कार पार पडले आणि विकासक नेमला गेला.

सोसायटी आणि विकासक यांच्यातला विकसन करारनामा २०२२ च्या अखेरीस नोंदवला गेला. त्यावरचं पूर्ण मुद्रांक शुल्क विकासकाने भरलं. सोसायटीतर्फे अध्यक्ष, सचिव आणि खजिनदार यांनी सह्या केल्या. चोवीस सभासदांच्या वेगवेगळ्या सह्या त्यावर नव्हत्या. हा तपशील पुढे महत्त्वाचा ठरला.

प्रत्येक सभासदाला जुन्या चटईक्षेत्रावर ३० टक्के जागा मोफत मिळणार होती. ज्या सभासदाच्या घरावरून सगळा वाद उभा राहिला, त्या निवृत्त शिक्षिका. त्यांना इथे मावशी म्हणते, सोसायटीतही सगळे तसंच म्हणतात. त्यांचं जुनं घर ४५० चौरस फूट. मोफत १३५ धरून नवं घर ५८५ चौरस फुटांचं होणार होतं. मुलगा, सून, नात बरोबर राहणार म्हणून त्यांनी आणखी ९० चौरस फूट विकत घ्यायचं ठरवलं, १८,००० रु. दराने, एकूण १६,२०,००० रुपयांना. म्हणजे नवं घर ६७५ चौरस फूट. करार मावशी आणि मुलगा अशा दोघांच्या नावे व्हायचा होता.

अडचण

विकसन करारानंतर प्रत्येक सभासदाशी विकासक वेगळा करार करतो: कायमस्वरूपी पर्यायी जागेचा करारनामा. तुमचं जुनं घर पाडल्यावर नव्या इमारतीत कोणतं घर तुमचं, हे ठरवणारा कागद हाच. विकासकाच्या कार्यालयातून आलेल्या मसुद्यात जागेचं वर्णन एका ओळीत उरकलं होतं: ‘सभासदास ६७५ चौ. फू. चटईक्षेत्राची सदनिका रु. १६,२०,००० इतक्या मोबदल्यात देण्यात येत आहे.’

वाचताना काही खटकत नाही. पण मुद्रांक कायद्याच्या नजरेने पाहिलं तर ही ओळ सांगते की सगळं घरच मोबदला देऊन घेतलं जातंय. जुनं किती, मोफत किती, विकत किती, याचा उल्लेख नाही.

सहीच्या आधी हा मसुदा महाराष्ट्र मुद्रांक अधिनियमाच्या कलम ३१ खाली अभिनिर्णयासाठी दिला गेला, म्हणजे ‘या दस्तावर नेमकं किती शुल्क लागेल ते ठरवून द्या’ असा अर्ज. सही झालेला किंवा न झालेला, दोन्ही प्रकारचा दस्त या कलमाखाली देता येतो. सही करण्याआधी द्यायचं ठरलं यामागे कारण होतं. सही झाली की शुल्क त्याच दिवशी किंवा फार तर पुढच्या कामाच्या दिवशी भरलेलं असावं लागतं, आणि नोंदणी अधिनियमाप्रमाणे चार महिन्यांत नोंदणीसाठी हजर व्हावं लागतं. शुल्कच ठरलेलं नसताना सही करणं म्हणजे दरमहा दोन टक्के दंडाची सुरुवात करून देणं.

काही आठवड्यांनी मुद्रांक कार्यालयातून हिशेबाचा एक तक्ता हातात आला. तो असा:

जुन्या ४५० चौ. फुटांसाठी बांधकाम खर्च १२,२०,००० रु., त्यावर ७ टक्क्यांनी ८५,४०० रु.
मोफत १३५ चौ. फुटांचं रेडी रेकनरप्रमाणे (सरकारने ठरवलेल्या दराने) मूल्य १६,५०,००० रु., त्यावर १,१५,५०० रु.
विकत घेतलेल्या ९० चौ. फुटांवर १,१३,४०० रु.
एकूण ३,१४,३०० रु.

सात टक्के म्हणजे मूळ पाच, स्थानिक संस्थेच्या अधिभाराचा एक आणि मेट्रो अधिभाराचा एक. तिसऱ्या रकमेबद्दल कुणाचीच तक्रार नव्हती. मोबदला बाजारमूल्यापेक्षा जास्तच होता, त्यामुळे तिथे मूल्यांकनाचा वादही नव्हता. वाद पहिल्या दोन रकमांचा होता: २,००,९०० रुपये. आणि हे एका घराचं. चोवीस घरांना हाच हिशेब लावला तर आकडा ४८ लाखांच्या आसपास जात होता. विकसन करारात एक कलम होतं, ‘पर्यायी जागेच्या करारनाम्यावरील मुद्रांक शुल्क सभासदांनी भरावे’. त्यामुळे विकासकाने लगेच हात वर केले.

मावशींनी तक्ता पाहिला आणि मला विचारलं, “अहो ताई, घर माझं, ते पाडून परत माझंच मला देणार. मग मी नवीन काय विकत घेतलं?” कायद्याचा प्रश्न नेमका हाच होता.

कायदा काय म्हणत होता

मुंबई उच्च न्यायालयाने १७ फेब्रुवारी २०२३ रोजी, म्हणजे आमचा अर्ज जाण्याच्या थोडंच आधी, या प्रश्नाचा निकाल दिला होता. आदित्यराज बिल्डर्स विरुद्ध महाराष्ट्र शासन या प्रकरणात न्यायमूर्ती गौतम पटेल आणि न्यायमूर्ती नीला गोखले यांच्या खंडपीठाने मुद्रांक खात्याची, अशा करारांवर वेगळं शुल्क मागणारी २३ जून २०१५ आणि ३० मार्च २०१७ ची परिपत्रकं या मुद्द्यांपुरती अधिकारकक्षेबाहेरची ठरवली. विकसन करारावर शुल्क भरलेलं असेल तर त्यातच सोसायटीतल्या प्रत्येक घराच्या पुनर्बांधणीचा समावेश होतो, तेच शुल्क दुसऱ्यांदा घेता येत नाही. जुन्या घराच्या बदल्यात मिळणारं घर, त्यात मोफत वाढीव जागा असली तरी, ही खरेदी नाही. अशा करारावर मुद्रांक अधिनियमाच्या कलम ४ (१) प्रमाणे फक्त शंभर रुपये. प्रत्यक्ष किंमत मोजून जास्तीची जागा घेतली असेल तर तेवढ्यापुरतंच वेगळं शुल्क. बांधकाम खर्चावर आकारणी टिकणार नाही. आणि विकसन करारावर प्रत्येक सभासदाची सही असलीच पाहिजे असं नाही.

म्हणजे आमच्या तक्त्यातल्या पहिल्या दोन्ही ओळी या निकालाच्या थेट विरुद्ध होत्या. तरीही मागणी आली होती.

संबंधित अधिकाऱ्यांना भेटलो तेव्हा ते सरळ बोलले. “मॅडम, निकाल मी वाचलाय. पण परिपत्रक रद्द झाल्याचं मला वरून लेखी आलेलं नाही. उद्या ऑडिटमध्ये हरकत निघाली तर उत्तर मला द्यावं लागतं. शिवाय तुमच्या मसुद्यातच सगळं घर मोबदल्यात दिलंय असं लिहिलंय.” त्यांची अडचण खरी होती, आणि शेवटचा मुद्दा तर आमच्यावरच उलटत होता. मात्र उच्च न्यायालयाचा निकाल राज्यातल्या प्रत्येक प्राधिकाऱ्यावर बंधनकारक असतो. परिपत्रकाची वाट पाहत तो बाजूला ठेवता येत नाही.

समोरचे पर्याय

सोसायटीच्या कार्यालयात रात्री उशिरापर्यंत बैठक चालली. पाच वाटा पुढे आल्या.

पहिली विकासकाच्या माणसाने सुचवली: शंभराच्या मुद्रांकावर नोंदवून टाकू, विकत घेतलेल्या जागेचं वेगळं पत्र करू, पुढचं पुढे. याला मी ठाम विरोध केला. मोबदला लपवलेला दस्त कधी ना कधी बाहेर येतो, बहुतेक वेळा घर विकताना किंवा कर्ज काढताना. मग कमी पडलेल्या शुल्कावर महिन्याला दोन टक्के दंड, जमीन महसुलाची थकबाकी म्हणून वसुली, आणि तोपर्यंत तो कागद पुरावा म्हणूनही चालत नाही. ज्या माणसाकडे सगळी मिळून एवढीच मालमत्ता आहे, त्याने हा धोका घेऊ नये.

दुसरी वाट: हरकत नोंदवून पूर्ण रक्कम भरायची आणि परतावा मागायचा. घाई असणाऱ्यांना ही बरी वाटते. पण परताव्याच्या तरतुदी मुख्यतः वाया गेलेल्या, न वापरलेल्या मुद्रांकासाठी आहेत. ज्या दस्ताची नोंदणी झाली त्यावर भरलेलं जादा शुल्क परत मिळवणं ही स्वतंत्र लढाई आहे.

तिसरी: वरच्या महसुली प्राधिकाऱ्याकडे साठ दिवसांत अपील. खर्च कमी, वकिलाशिवायही करता येतं. पण ज्या परिपत्रकांवर मागणी उभी होती ती त्याच खात्याची होती.

चौथी: राज्यघटनेच्या अनुच्छेद २२६ खाली रिट याचिका, म्हणजे सरकारी कृतीविरुद्ध थेट उच्च न्यायालयात दाद. इथला नेहमीचा आक्षेप म्हणजे ‘कायद्यात अपील दिलेलं असताना थेट इथे का आलात?’ सर्वोच्च न्यायालयाने १९९८ च्या व्हर्लपूल कॉर्पोरेशन प्रकरणात या नियमाचे अपवाद सांगितले आहेत: मूलभूत हक्कांचा भंग, नैसर्गिक न्यायाचा भंग, अधिकारकक्षेबाहेरची कृती, किंवा कायद्याच्या वैधतेलाच आव्हान. सुनावणी न देता, रद्द झालेल्या परिपत्रकाच्या आधारे केलेली मागणी यांत बसते असं माझं मत होतं.

पाचवी, ठाण्याच्या दिवाणी न्यायालयात दावा, ही पाच मिनिटांत बाजूला पडली. वर्षं लागली असती, आणि मुद्रांक कायद्याने स्वतःची दाद ठरवून दिली असताना दावा टिकेल का हाच पहिला वाद झाला असता.

काय केलं

पहिलं काम मसुदा दुरुस्त करण्याचं. परिशिष्ट तीन भागांत लिहिलं: ‘अ’ जुन्या घराच्या बदल्यात ४५० चौ. फू., मोबदला नाही. ‘ब’ विकसन करारातल्या अमुक कलमाप्रमाणे मोफत वाढीव १३५ चौ. फू., मोबदला नाही. ‘क’ मोबदला देऊन घेतलेली ९० चौ. फू. जागा, १६,२०,००० रु. विकसन कराराचा दस्त क्रमांक, तारीख आणि त्यावर भरलेल्या शुल्काच्या चलनाचा तपशील मसुद्याच्या सुरुवातीलाच घातला. सही झालेली नसल्यामुळे हे शक्य झालं. सही झाली असती तर चूकदुरुस्तीचा दस्त करावा लागला असता, आणि ‘मागणी आल्यावर शब्द बदलले’ असा आक्षेप त्यावर आला असता.

दुसरं काम आदेश मिळवण्याचं, आणि ते जास्त चिवट निघालं. हातात आलेल्या तक्त्यावर ना सही होती, ना जावक क्रमांक. अशा कागदाविरुद्ध अपील करता येत नाही, याचिकेलाही तो कच्चा पडतो. किती तरी लोक याच कागदावर पैसे भरून मोकळे होतात आणि नंतर दाद मागायला जातात तेव्हा विचारणा होते, आदेश कुठे आहे? आम्ही दुरुस्त मसुदा, निकालाची प्रत आणि लेखी निवेदन आवक शिक्क्यासह दिलं, सुनावणी मागितली, सकारण आदेश मागितला. स्मरणपत्रं दिली. फाइलवरच्या टिपण्या माहितीच्या अधिकारात मागितल्या. अखेर जुलै २०२३ मध्ये आदेश आला. सुनावणी दिलीच नाही. रक्कम तीच, कारण एका ओळीचं: प्रचलित परिपत्रकानुसार. निकालाचा उल्लेखही नव्हता. कागद निराशाजनक होता, पण आव्हानासाठी याहून स्पष्ट आदेश मिळाला नसता.

तिसरा निर्णय: अपील की याचिका? साठ दिवसांची मुदत चालू झाली होती. मुदत हातची जाऊ नये म्हणून अपील दाखल केलं. त्याच सुमारास पावसाने जोर धरला. जिन्याच्या छताचा तुकडा पडला, कुणाला लागलं नाही ते नशीब. महापालिकेची इमारत रिकामी करण्याची नोटीस आली. अपिलाची तारीख लागेना. विकासक म्हणत होता, घरं रिकामी करा, करार नंतर करू. करारनामा नोंदवल्याशिवाय घर सोडू नये हा माझा नेहमीचा सल्ला. या इमारतीत मात्र माणसांच्या जिवाचा प्रश्न होता. समितीने मधला मार्ग काढला: विकासकाकडून बँक हमी आणि प्रत्येक घराचं क्षेत्र, मजला, भाडं लिहिलेलं पत्र आधी घेतलं, आणि मगच लोक बाहेर पडले. मावशी घोडबंदर रस्त्यावर भाड्याने गेल्या.

सप्टेंबरमध्ये रिट याचिका दाखल केली. ठाण्याचं प्रकरण असल्यामुळे ती उच्च न्यायालयाच्या अपील शाखेत गेली. याचिकाकर्ते सोसायटी, मावशी आणि आणखी दोन सभासद. चोवीस जणांनी चोवीस याचिका करण्यापेक्षा हे बरं. त्या दोघांतल्या एकाने जादा जागा घेतली नव्हती. तो मुद्दाम घेतला, म्हणजे नुसत्या मोफत जागेचा प्रश्नही निर्णयात यावा. अपील दाखल केल्याचं याचिकेच्या पहिल्या काही पानांतच सांगितलं आणि न्यायालयाने म्हटल्यास ते मागे घेण्याची तयारी दाखवली. ही गोष्ट लपवली असती आणि सरकारी वकिलांनी ती काढली असती, तर बाकीचं कुणी ऐकलंही नसतं. ‘क’ भागावरचे १,१३,४०० रुपये भरायला तयार आहोत, हेही याचिकेतच लिहून दिलं. वाद नेमका किती रकमेचा आहे हे न्यायाधीशांना एका वाक्यात कळलं.

निकाल

सुनावणी छोटी झाली. अपिलाचा आक्षेप अपेक्षेप्रमाणे आला. खंडपीठाने आदेशातली ती एक ओळ वाचली आणि २०२३ च्या निकालाचा विचार का केला नाही, एवढंच विचारलं. डिसेंबरमध्ये आदेश झाला: मागणी रद्द, अपील मागे घेतल्याची नोंद, आणि कार्यालयाने सुनावणी देऊन, निकाल लक्षात घेऊन ठरलेल्या मुदतीत नव्याने निर्णय घ्यावा. न्यायालयाने शुल्काचा आकडा स्वतः ठरवून दिला नाही. समितीतल्या काहींना हे अर्धवट यश वाटलं. शुल्क ठरवणं हे मुद्रांक प्राधिकाऱ्याचं काम असल्याने न्यायालय सहसा एवढंच करतं.

नव्या सुनावणीला तेच अधिकारी होते. आता त्यांच्या फाइलमध्ये उच्च न्यायालयाचा आदेश होता आणि ऑडिटला द्यायला उत्तर होतं. फेब्रुवारी २०२४ मध्ये नवा आदेश आला: ‘अ’ आणि ‘ब’ भागांसाठी शंभर रुपये, ‘क’ भागासाठी १,१३,४०० रुपये. मार्चमध्ये मावशींचा करारनामा नोंदवला गेला. बाकीच्यांचे करार त्याच नमुन्यावर, त्याच आदेशाची प्रत जोडून झाले.

एका सभासदाने मात्र वाट पाहिली नव्हती. मुलाच्या कर्जासाठी त्यांना नोंदवलेला दस्त हवा होता. त्यांनी उन्हाळ्यातच पूर्ण मागणी भरून, जुन्याच मसुद्यावर, नोंदणी करून घेतली होती. त्यांचा परताव्याचा अर्ज हे लिहीपर्यंत प्रलंबित आहे. त्यांच्या दस्तात क्षेत्राची फोड नाही, आणि अर्जात अडसर तोच आहे. त्यांची गरज खरी होती, त्यांना दोष देता येणार नाही. पण निदान तीन भागांचं परिशिष्ट लावून आणि चलनासोबत लेखी हरकत देऊन भरले असते, तर आज त्यांच्या हातात काहीतरी असतं.

वेगळं काय करता आलं असतं

सगळ्यात आधी विकसन करार. ‘पर्यायी जागेच्या करारनाम्यावरील शुल्क सभासदांनी भरावे’ हे कलम निविदेच्या वेळी कुणी वाचलंच नव्हतं. भाडं, कॉर्पस (विकासकाकडून मिळणारा एकरकमी निधी), पार्किंग यांवर तासन्‌तास चर्चा झाली होती. जुन्या आणि मोफत जागेवर काहीही शुल्क, दंड किंवा भविष्यातली मागणी आली तर ती विकासकाची, आणि विकत घेतलेल्या जागेपुरतं सभासदाचं, असं तिथेच लिहिलं असतं तर न्यायालयात जाण्याचा खर्च आणि घाई दोन्ही विकासकाची झाली असती. तेव्हा विकासक सोसायटीच्या दारात होता. नंतर तशी ताकद उरत नाही.

करारनाम्याचा नमुना विकसन कराराला परिशिष्ट म्हणून जोडायला हवा होता. क्षेत्राची फोड त्यातच ठरली असती आणि अभिनिर्णयाला पहिल्यांदाच योग्य मसुदा गेला असता. पहिला मसुदा तीन भागांत असता तर मागणी आलीच नसती, असं मी म्हणणार नाही. परिपत्रकाचा अडसर होताच. पण ‘तुमच्याच कागदात लिहिलंय’ हे उत्तर तरी मिळालं नसतं.

अपील आणि याचिका दोन्ही दाखल करण्याबद्दल माझ्या सहकाऱ्यांत मतभेद आहेत. काहींच्या मते थेट याचिकाच करायला हवी होती, दोन महिने वाचले असते. मला अजूनही वाटतं की मुदत सांभाळणं बरोबर होतं, कारण न्यायालयाने अपिलाकडे पाठवलं असतं आणि साठ दिवस उलटून गेलेले असते तर विलंबमाफीचा अर्ज करत बसावं लागलं असतं. मात्र जिथे मूल्यांकनाचा वाद आहे, म्हणजे रेडी रेकनरचा दर चुकीच्या विभागाचा लावला, इमारतीचं वय धरलं नाही, असे वस्तुस्थितीचे प्रश्न आहेत, तिथे अपीलच योग्य. तिथे रिट याचिका बहुतेक वेळा परत पाठवली जाते.

वाशी, नेरुळकडच्या वाचकांसाठी एक भर. तिथल्या बहुतेक सोसायट्यांची जमीन सिडकोच्या भाडेपट्ट्यावर आहे, त्यामुळे सिडकोच्या परवानग्या आणि त्रिपक्षीय कागद यांचा एक थर वेगळा असतो. क्षेत्राची फोड आणि सकारण आदेश यांची गरज तिथेही तितकीच. ऑक्टोबर २०२४ पासून राज्यात शंभराच्या जागी पाचशेचा मुद्रांक आला आहे, त्यामुळे नवा करार करताना त्या दिवशीचा दर पाहून घ्यावा.

या प्रकरणातला वकिलांचा आणि न्यायालयाचा खर्च चोवीस घरांत वाटला गेला. प्रत्येकाच्या वाट्याला आलेली रक्कम वाचलेल्या शुल्काच्या तुलनेत लहान होती. मावशींनी एकट्याने लढायचं ठरवलं असतं तर दोन लाखांसाठी तो खर्च परवडला नसता, आणि त्यांनी बहुधा ३,१४,३०० रुपये भरले असते.